सातव्या भागातला मुडदा

प्रिय ओडेल,

तू नाही म्हणालास म्हणे! खुनांची आपली ती टीव्ही मालिका तेवीस वर्षांनी पुन्हा सुरू होतेय, सातव्या भागात मेलेला, तू केलेला पोस्टमन वाचला होता असं दाखवणार आहेत, तुला सन्मानानं बोलावतायत. आणि तू फोनवर काय सांगतोस, तर "मला साधं मरतासुद्धा आलं नाही, जगायचं काय घेऊन बसलात?" ऐकून असा संताप झाला, की शेगडीवरची राजम्याची चिली करपली माझी.

पिट्सबर्गचा तो फेब्रुवारी आठवतो? ज्याचा खून व्हायचा त्या नटानं सगळ्यांना डोनट आणायचे, ही आपल्याकडची रीत. तू चार खोकी घेऊन आलास. "माझ्या मयताला आलायत, तोंड गोड करून जा!" मग तुला मुडदा म्हणून पाण्याच्या टबात निजवलं. पाणी तापवायचं यंत्र नेमकं बंद, आणि आपले दिग्दर्शक केसलरसाहेब, त्यांचं पाच वेळा शूट करूनही समाधान होईना. मी शेजारी स्टुलावर, मांडीवर वही. तुझी मान, केस, बोटं मागच्या शॉटसारखी आहेत ना, हे बघायचं आणि चूक दिसली की सांगायचं, हे माझं काम. मधेच तू दात वाजवत विचारायचास, "वर्ना, मेल्यावर देखणा दिसतो का गं मी?" मी म्हणायचे, "जिवंतपणी दिसतोस त्यापेक्षा बरा." काय दिवस होते रे! आठवलं की अजून गलबलून येतं.

टीव्हीवर भाग लागला आणि मुडद्याची पापणी हललेली सगळ्यांनी पाहिली. दुकानात, चर्चमध्ये, जाशील तिथं "काय, उठलास का?" वर्षभरात तू नटाचं काम सोडलंस आणि शाळेची बस चालवायला लागलास. मी दर नाताळला कार्ड पाठवत राहिले, हवापाण्याचं लिहीत राहिले.

आता खरं लिहिते. सहाव्या वेळी हललेली ती पापणी मला तेव्हाच दिसली होती. केसलरनं विचारलं, "वर्ना, ठीक?" मेकअपच्या रंगाखाली तुझे ओठ खरेच निळे पडले होते. मी नाही म्हटलं असतं, तर तू मुकाट्यानं सातव्यांदा त्या पाण्यात पडून राहिला असतास. मला ते बघवेना. जीव होता रे तुझ्यावर. "ठीक," म्हटलं. नंतर नोकरीच्या भीतीनं गप्प बसले, आणि पुढं तू तोंड फिरवशील या भीतीनं. माझी चूक तू आयुष्यभर स्वतःची समजून वागवलीस. केसलरला काल फोन करून सगळं सांगितलंय. हव्या तेवढ्या शिव्या घाल मला, पण सोमवारच्या आत मालिकावाल्यांना हो म्हण.

तुझीच, म्हणजे अजून तसं म्हणू देणार असशील तर,
वर्ना