भोपळ्याला थांब सांगितलं होतं

८ मार्च, रविवार

नेहाचा फोन. नोकरीला बंगळूरला गेल्यापासून आठवड्याचा हा एकच फोन, आणि त्यात पहिला प्रश्न आईच्या तब्येतीचा नाही, बापाच्या नाही. "भोपळ्या जेवला?"

भोपळ्या म्हणजे तिच्या लॅपटॉपवरच्या गेममधलं जनावर. रेड्याएवढं, पाठीवर शेवाळ, तोंड असं की बघून माया यावी. अंड्यातून निघाल्यापासून तिनेच वाढवलेला. ऑफिसने तिला दुसरा लॅपटॉप दिला, त्यावर गेम चालत नाही म्हणे. म्हणून हा जुना घरी राहिला आणि भोपळ्या माझ्या गळ्यात. रोज भोपळा खायला घातला नाही तर रानात निघून जातो. घरचं झालं थोडं, व्याह्याने धाडलं घोडं.

पण खोटं कशाला लिहू, आता मलाच चैन पडत नाही. दुपारी शिलाई मशीन बंद केली की तासभर तिथेच. लाकडं तोडायची, कुंपण घालायचं, भात लावायचा. हे म्हणतात, "माहेरी हेच करायचीस तेव्हा कुरकुरायचीस."

भोपळ्याचा विषय निघाला की पोर खुलते. मैत्रिणी, डबा, साहेब, सगळं सांगते. नाहीतर "हं", "बरं", "ठेवते".

११ मार्च

आज मजा. गेममध्ये अंगणात शेकोटी पेटवली होती. तुरेवाल्या कोंबड्या सरळ तिच्यातून चालत गेल्या! पिसं पेटली, केकाटत पळाल्या, विझल्या, आणि पुन्हा तिथूनच. अक्कल नावाला नाही. रानडुक्कर लांबूनच वळसा घालून गेलं. आणि एक लाल सरडा निखाऱ्यावर येऊन डोळे मिटून बसला, थंडीत आपले हे शेगडीपाशी बसतात तसा.

म्हणजे बनवणाऱ्याने ज्याला त्याला वेगळी आग दिलीय. कुणाला दिसतच नाही, कुणाला दिसते, कुणाला आवडते. आणि भोपळ्याला? तो आपला जागेवर उभा. कधी हलत नाही म्हणा तो. ने.ला विचारायचं.

ब्लाऊज दोन राहिले. बायका बोंबलणार.

१५ मार्च, रवि.

झरीला माहेरी, दादाकडे. राब भाजायचा होता. खूप वर्षांनी त्या वासात उभी राहिले. खाली शेण, त्यावर पालापाचोळा, गवत, वरून माती. भाजलेल्या जमिनीत भाताचं रोप असं तरारून येतं की बघत राहावं. वाऱ्याच्या उलट्या अंगाने काडी लावायची, म्हणजे आग सावकाश येते. पण त्याही आधी बैल, शेळ्या सगळ्यांची दावी सोडून ओढ्यापलीकडे हाकलायचं. दादा अजून तेच म्हणतो जे बाबा म्हणायचे. "बाय, आधी दावं, मग काडी." माणूस पळेल, बांधलेलं जनावर कुठे पळणार.

नेहाचा फोन तिथेच आला, तुटक तुटक. कंपनी विचारतेय, कायमची बंगळूरलाच राहतेस का. मेमध्ये सुट्टीला येईन तेव्हा बोलू म्हणाली. "बरं" म्हटलं. तिकडे दादाच्या बैलाच्या पाठीवर हात फिरवत बसले थोडा वेळ. दादाने चहा आणून दिला.

१८ मार्च

गेममधलं भात पिवळं. खत घातलं, पाणी घातलं, तरी मेलं उठत नाही. बांधावर उभी राहिले आणि एकदम लक्षात आलं. अगं बाई, राब कुठे भाजलाय इथे?

हे जेवताना हसले. "त्यांना काय माहीत राब? गेम बनवणारे कधी झरीला आले होते का?" हसू देत. शेण तिथे मिळतं, पालाही मिळतो. उद्या.

१९ मार्च

कसं लिहू.

सगळं रीतसर केलं. थर घातले. वाऱ्याची दिशा धुरावरून पाहिली, उलट्या अंगाने पेटवलं. छान सावकाश येत होती आग. मग तिथला सूर्य कलला आणि वारा फिरला. आपल्याकडे खाडीचा वारा फिरतो तसा फिरला. कुंपण पेटलं, कुंपणापलीकडचं वाळकं गवत पेटलं आणि गवतात भोपळ्या.

तो हललाच नाही. आग पायाशी आली, पाठीवरचं शेवाळ पेटलं, नुसता माझ्याकडे तोंड करून उभा. मी इथे खुर्चीवरून ओरडतेय, "पळ रे मेल्या, पळ!" नदीतून भांडं भरून आणायला धावले आणि लाइट गेली. ह्या लॅपटॉपची बॅटरी कधीची मेलेली. काळी काच, आणि त्यात माझंच तोंड.

लाइट यायला संध्याकाळ झाली. लावलं. शेत काळं. भोपळ्या नाही.

२० मार्च

मेलेल्या जनावराचं हाड-कातडं तिथे पडून राहतं. दोन कोंबड्यांचं पडलंय. भोपळ्याचं कुठेच नाही. सगळी राख तुडवून पाहिली.

मग पळाला म्हणायचं? पण तो तर पळत नव्हता. का पळत नव्हता?

आत्ता कणीक मळताना उजेड पडला. पाळलेल्या जनावराला तिथे हुकूम देता येतो. मागे ये, मोकळा फीर, थांब. इंग्रजीत असतं, मी मनात मराठी म्हणते. भोपळ्या "थांब"वर होता. म्हणजे बांधलेलाच होता की! दोरी नाही, खुंटा नाही, दावं डोळ्यांना दिसलं नाही, म्हणून सोडायचं सुचलं नाही. जन्म गेला "आधी दावं" ऐकण्यात, आणि केलं काय तर आधी काडी.

जेवण गेलं नाही. ह्यांनी दोनदा विचारलं.

२२ मार्च, रवि.

"भोपळ्या जेवला?"

"जेवला."

मग ती बराच वेळ बोलली. मैत्रिणीचं लग्न, तिथला पाऊस, साहेब चांगले आहेत. मला एक शब्द धड ऐकू आला नाही. भोपळ्या नाही हे कळलं तर काय बोलणार आम्ही दोघी? आणि मेमध्ये येईल कशाला? आई-बाप काय, फोनवर दिसतात. हे असं लिहिताना लाज वाटते, पण हेच आहे मनात.

२५ मार्च

पडताळा घ्यायचाच ठरवलं. हुकमात उभं असलेलं जनावर आगीतून सुटतं की नाही? रानातली एक तुरेवाली दाणे टाकून माणसाळवली. ठमी नाव ठेवलं, ते डोक्यावर दिसतं. नदीकाठी नेली, "थांब" म्हटलं, शेजारी गवताची पेंढी पेटवली. हे म्हणाले, "खोटी कोंबडी भाजली म्हणून काय पोलीस येणारेत?" म्हटलं, तुम्ही चारोटीला दुकानावर जा आणि पंक्चर काढा.

ठमी उभी. पेटली, तरी उभी. जीव अगदी चिमूटभर उरला तेव्हा एकदम किंचाळली आणि नदीत उडी! वाचली! मी टाळ्या वाजवल्या. बाहेर आली तेव्हा डोक्यावर नाव नव्हतं. हाक मारली, येईना. दाणे टाकले तर लांब पळाली.

म्हणजे अगदी जिवावर बेतलं की हुकूम तुटतो. पण त्याबरोबर सगळंच तुटतं. नावही जातं, ओळखही जाते.

भोपळ्या जिवंत असेल! फक्त आमचा नसेल.

ठमीची माफी मागितली. मोठ्याने. पुन्हा असलं करायचं नाही.

२९ मार्च, रवि.

सांगितलं. तिने विचारायच्या आधीच, एका दमात.

मग, "आई, तू गेममध्ये राब भाजलास?" आणि जी हसत सुटली! मी रडतेय, ती हसतेय. हसता हसता तिचाही आवाज फाटला. नाक ओढत विचारलं, "थांबवर होता ना?"

"हो गं."

"मीच ठेवला होता, निघताना. हरवू नये म्हणून."

मग मी ठमीचं सांगितलं, सरड्याचं सांगितलं. तिला माहीतच नव्हतं यातलं काही! इतकी वर्षं खेळते आणि सरडा निखाऱ्यावर बसतो हे पाहिलं नाही म्हणे. खोदून खोदून विचारत होती. पावसात विझतं का, ओलं जनावर पेटतं का, पिल्लाला आई ओढून नेते का. मी म्हटलं बघून सांगते. एवढा लांब फोन कधी झाला नव्हता.

२ एप्रिल

महालक्ष्मीची जत्रा, चारोटीला गाड्यांची रीघ, हे दुकानावरच. मी मोकळी.

नदीपलीकडे भोपळ्याच्या जातीचा कळप सापडला! पण कुणाच्याच डोक्यावर नाव नाही. शेवाळ सगळ्यांना सारखं, जळालेलं तिथे परत उगवतं. मशाल घेऊन गेले तर सगळे उधळले. मग मशाल नदीत बुडवली आणि अंधारात नुसती उभी राहिले. थोड्या वेळाने एक पुढे आला. हातभर अंतरावर थांबला. मी पुढे सरकले तर मागे सरला.

तोच का? की दुसराच कुणी भुकेला? भोपळा ठेवून आले.

४ एप्रिल

दादाला फोनवर सगळं सांगितलं. वाटलं हसेल. म्हणाला, "वणव्यात सुटलेलं ढोर येतं कधी कधी परत. पाठीशी लागू नको. खायला ठेव, अन् गोठ्याचं दार लावू नको."

गेममधल्या शेताभोवतीचं गवत खरवडून रुंद मोकळा पट्टा काढला. आता आग ओलांडणार नाही. उरलेल्या कोंबड्या "मोकळा फीर"वर. सगळीकडे घाण करतात. करू देत. आणि हो, राब भाजलेल्या तुकड्यात भात हिरवंगार आलंय. बनवणाऱ्याला ठाऊक होतं की काय? ह्यांना दाखवलं, तोंड बघण्यासारखं झालं.

५ एप्रिल, रवि.

काल कुंपणाबाहेर ठेवलेला भोपळा सकाळी नव्हता. कुणी खाल्ला, देव जाणे.

ने.चा फोन. तेच सांगितलं. "तोच असेल," म्हणाली. मग म्हणाली कंपनीला अजून कळवलेलं नाही. मेमध्ये येते, मग बघू.

"आई, तो परत आला, परत माणसाळला, तर त्याला थांब म्हणशील?"

"छे गं. आता नाही."

"आणि मला?"

म्हटलं, "ठेवते गं, दूध उतू जातंय." दूध गॅसवर नव्हतंच.

मग जाऊन लॅपटॉप लावला, नवीन भोपळा ठेवला आणि फाटक उघडं टाकून आले.