तोफेतला छोटा बॉम्ब

डोंबिवली, मार्गशीर्ष, सन १९५५. दिवेलागण.

मी सांगते आणि नातसून कुसुम लिहिते. तिचा नवरा, आमचा मधू, पलटणीतून रजेवर आलाय. उद्या परत निघणार. दुपारी जेवताना पेपर वाचून म्हणाला, "आजी, आता तोफेतून उडवायचा छोटा अणुबॉम्ब निघालाय. शहरावर नाही टाकायचा, फक्त रणांगणावर."

"आणि रणांगणावर कोण असतं रे? पेपरवाला?"

हसला लबाड. पण छोटा म्हणजे केवढा? तेव्हापासून तेच डोक्यात घोळतंय. मोठ्याला निदान माणूस भितो तरी. घरच्या भांडणात कुणी वरवंटा फेकलेला मी पाहिला नाही, पळी मात्र घरोघरी उडते. छोटी ना, म्हणून! आणि पळी लागली की समोरची बाई वरवंट्याकडे बघते.

मघाशी मधूला तेच विचारलं, "एकानं छोटा टाकला, तर दुसरा गप्प बसेल?"

तो उद्यासाठी ट्रंक भरत होता. म्हणाला, "नाही बसणार, आजी."

म्हणजे त्याला ठाऊक आहे. ठाऊक असूनही उद्या जाणार.

एरवी मी काही बोलले की "आजी, तुला काय कळतंय त्यातलं?" म्हणून मला उडवून लावतो. आज तसं म्हणाला असता, तर बरं झालं असतं.