पहिल्या गंगाफळाची सुरी

जळगाव
१४ सप्टेंबर २०२५

सुनंदाकाकूस,

कामिनीचा वाकून नमस्कार. मी बरी आहे, तुझे गुडघे बरे असावेत. फोनवर तू स्पीकर लावतेस आणि आबा ओसरीवर बसून सगळं ऐकतात, म्हणून पत्र लिहिते. तुझ्या डिंपलने ते आतल्या खोलीत वाचून दाखवावं.

तू ठेवलेल्या घरच्या गंगाफळाच्या बिया मी गच्चीवर लावल्या. भोपळ्याचा वेल घरमालकांच्या डिशवर चढला. मालिका मध्येच अडकते म्हणतात. मी दोनदा माफी मागितली.

फुलं पुष्कळ, फळ धरेना. शेजारच्या खोलीतले प्रेमराज म्हणाले, "इथं मधमाश्या येत नाहीत. त्यांचं काम आपल्यालाच करावं लागेल." म्हणजे नर फूल तोडून मादी फुलाला लावायचं. मी घरातली पहिली शिकलेली, त्यात वनस्पतिशास्त्र घेतलेली, तरी लाज वाटली. ते काम त्यांनीच केलं. मी पाठ फिरवून उभी होते, हे आबांनी विचारलं तर सांग.

एक फळ धरलं, चांगलं कळशीएवढं झालं. तोडलं आणि तुझं बोलणं आठवलं: "पयलं फय बाईनं कापू नई, पोरी. घरच्या गडीमाणसानंच सुरी लावाची."

इथे घरचं गडीमाणूस कुठून आणू? प्रेमराज सुरी घेऊन आले. मी म्हटलं, "तुम्ही घरचे नाही."

एरवी ते शुद्ध बोलतात, पण घाबरले की धुळ्याचे होतात. म्हणाले, "मंग व्हई जाऊ का घरना?"

मी म्हटलं, "विचारून सांगते," आणि दार लावून घेतलं. त्यांनी टेबलावर ठेवलेली सुरी माझ्याकडेच राहिली.

डिंपल, इथून हळू वाच. ते आपल्या समाजातले नाहीत. माणूस चांगला आहे.

गंगाफळ टेबलावर बसून माझ्याकडे बघत होतं. उद्या कोणी म्हणायला नको, की पोरीने भाजीसाठी नवरा केला. म्हणून अंघोळ केली, फळाची माफी मागितली आणि मीच कापलं. आतून छान केशरी निघालं. अंगठ्याला जरा लागलं, त्याचा अर्थ लावू नकोस.

आता त्यांना घरचं करून घ्यायला काही कारण उरलेलं नाही. तरी मी त्यांना हो म्हटलं आहे.

आबांना तू सांग. विचारत नाही, सांगते आहे, असं सांग. आणि हे वाक्य मी तीनदा खोडून लिहिलं, तेही सांग.

हो म्हटल्यावरही तुमचीच,
कामिनी