काचेपलीकडचा हात

प्रिय मास्तर,

पाकीट बघूनच तुझ्या कपाळाला आठी पडली असेल. फोन असताना ही बया पानं कशाला खरडतेय, असं म्हणशील. पण फोनवर तू मला दोन वाक्यांत गुंडाळतोस, 'सगळं झकास' म्हणतोस आणि गाडी माझ्याच तब्येतीवर आणतोस. कागदावर तुला मधे तोंड घालता येत नाही. इतकी वर्षं माझा आवाज वर-खाली करायची बटणं तुझ्या हातात होती, आज एकदा मला सलग बोलू दे.

आधी आपल्या रेडिओ केंद्राची खबरबात. तू निवृत्त झाल्यावर तुझ्या खुर्चीत जो तंत्रज्ञ आलाय तो गुणी आहे, पण बातम्या चालू असताना काचेतून माझ्याकडे बघतच नाही. त्याची नजर सदा पडद्यावरच्या रेषांवर. परवा ऐन बातम्यांत मला ठसका लागला. सवयीनं मी टेबलावर तळहात पालथा ठेवला आणि हा आपला ढिम्म. माझा ठसका अख्ख्या शहरानं ऐकला. नंतर त्याला आपली पद्धत समजावली. मास्तरांनी बोट गोल फिरवलं की मी आवरायचं, मी तळहात पालथा ठेवला की त्यांनी माझा माइक बंद करायचा. त्यानं अदबीनं ऐकून घेतलं आणि म्हणाला, त्यासाठी तुमच्यासमोर बटण आहे की मॅडम. आहे खरं. तुझ्या राज्यात मी त्याला कधी हातच लावला नव्हता.

मला आता नव्या वार्ताहरांना शिकवायला बसवलंय. त्यांना बातमी कशी लिहायची हे नंतर हवं असतं. आधी विचारतात, तुम्ही तुमच्या आजाराबद्दल रेडिओवर कसं काय बोललात. मग मला तुझ्यापासून सुरुवात करावी लागते.

त्या सकाळी मी कोणती बातमी वाचत होते, आठवतं? नव्या पुलाची. ना कुणी गेलं होतं, ना काही कोसळलं होतं. त्याआधी वर्षभर मी जळलेल्या आणि वाहून गेलेल्या घरांतून माइक घेऊन हिंडले, बायाबापड्यांना नको ते प्रश्न विचारले, घरी येऊन जेवले आणि झोपले. आणि अडकले कुठे, तर पुलाच्या रुंदीपाशी. अक्षरं दिसत होती, पण तोंडातून निघेनात. छातीवर कुणी गुडघा रोवून बसावं तसं झालं. माझा तळहात टेबलावर पालथा पडला होता हे माझं मलाच ठाऊक नव्हतं, ते तू नंतर सांगितलंस. तू माइक बंद केलास, बासरी लावलीस, उरलेल्या बातम्या वाचायला दुसऱ्या निवेदकाला पलीकडच्या खोलीत पिटाळलंस आणि आत येऊन माझ्या खुर्चीशेजारी चक्क जमिनीवर बसलास. काय झालं म्हणून विचारलं नाहीस. एवढंच म्हणालास, बाईसाहेब, बासरी लांबलचक आहे, घाई नाही. मग केंद्रप्रमुखांकडे जाऊन तार सैल होती असं सांगितलंस आणि बोलणी खाल्लीस.

माझी रजा 'घसा बसला' या नावाखाली खपली. आईनंही शेजारणींना घसाच सांगितला. त्या बिचाऱ्या रोज नवा उपाय घेऊन यायच्या. नैराश्याच्या गोळ्यांबरोबर मी गुळण्यासुद्धा इमानेइतबारे केल्या. कामावर परतले आणि माझ्याच कार्यक्रमात एके दिवशी सांगून टाकलं, की तेव्हा तार सैल नव्हती. मी आजारी होते, डॉक्टरांकडे जाते, गोळ्या घेते आणि बातम्याही वाचते. केंद्रप्रमुखांच्या तोंडचं पाणी पळालं. चारचौघांत सांगायची काय गरज होती, म्हणून आईनं अबोला धरला. तुला खोटं पाडलं म्हणून तू चिडशील या धास्तीनं मी काचेकडे बघायचं टाळत होते. शेवटी बघितलं, तर तू सदऱ्याच्या टोकानं चष्मा पुसत होतास. त्या दिवसापासून जे फोन सुरू झाले ते अजून थांबलेले नाहीत. बसचालक, शिक्षिका, एकदा तर एक शल्यविशारद. आई आता त्याच शेजारणींना कार्यक्रमाची वेळ बजावून सांगते.

लोकांना वाटतं, ही बाई बरी होऊन आता जगाला शहाणपण शिकवतेय. तसं काही नाही, तू जाणतोसच. मागच्या हिवाळ्यात मी पुन्हा घसरले, तेव्हा वहिनी होत्या. त्या मला तुमच्या स्वयंपाकघरात बसवून समोर मटारांचा ढीग ओतायच्या आणि सोल म्हणायच्या. डॉक्टरांकडे तू सोबत यायचास. बाहेरच्या बाकावर पेपर उघडून बसायचास आणि एकच पान वाचत राहायचास. मला त्या बाकाचा फार आधार होता.

आता रविवारचं. तुझ्याकडे आले तेव्हा तू मोठ्या आग्रहानं चहा केलास. त्यात चहाची पूडच नव्हती. मी गरम गोड दूध मुकाट्यानं प्यायले, आणि तूही प्यायलास, तुझ्या काही लक्षात आलं नाही. दुरुस्तीला उघडलेला तो जुना रेडिओ वहिनी गेल्या तेव्हा जसा टेबलावर पसरला होता तसाच आहे, स्क्रूंवर धूळ बसलीये. झोप कशी येते विचारलं तर म्हणालास, झकास. मी ठसक्याची गोष्ट सांगितली, तू हसायचं तिथे बरोबर हसलास. आणि मास्तर, त्या सगळ्या वेळात तुझा उजवा तळहात टेबलावर पालथा होता. मी समोर बसून बडबडत राहिले. जिना उतरताना एकदम डोक्यात आलं आणि पाय जागीच थांबले. परत वर आले असते तर काय विसरलीस म्हणाला असतास, आणि मी छत्री म्हणाले असते. म्हणून हे लिहितेय. कदाचित तू हात नुसताच ठेवला असशील. मग मला वेड्यात काढ, चालेल. पण मला भीती वाटतेय, आणि ती मी लपवणार नाही. गुरुवारी सकाळी माझ्या डॉक्टरांची वेळ घेतलीये, तुझ्या नावानं. मी घ्यायला येते. नाही म्हणालास तर तुझ्या स्वयंपाकघरात बसून राहीन, मटार मी घेऊन येईन. आत तू जा, बाहेरच्या बाकावर मी पेपर घेऊन बसते. तिथे काय बोलायचं याची आत्ता चिंता करू नकोस, काहीच सुचलं नाही तरी चालतं. तुझा हात मला दिसला, मास्तर. बासरी लांबलचक आहे, घाई नाही.

तुझीच,
बाईसाहेब