दोन्ही हात भिंतीला

मॅडम,

ही हाक तुम्हाला कधीच आवडली नाही. पहिल्याच रविवारी तुम्ही सांगितलं होतं की मी कुणी राणी नाही, मला नावाने हाक मारा, आणि वर्गातल्या बाकीच्यांनी ती लगेच मारायला सुरुवातही केली. मला ते शेवटपर्यंत जमलं नाही. तुम्ही माझ्याहून सहा वर्षांनी लहान होतात, तरी शिकवणाऱ्या माणसाचं नुसतं नाव घ्यायला नागपुरात वाढलेली जीभ वळत नाही, त्याला मी तरी काय करू. महिनाभर तुम्ही मला हटकून पाहिलंत आणि मग नाद सोडलात. आज इतक्या वर्षांनी लिहायला बसले तरी पहिली तीच हाक आली. तुमची भाषा एस्टोनियन, माझी मराठी, आणि बर्मिंगहॅममधल्या कौन्सिलच्या स्विमिंग पुलावर आपण दोघी आपापल्या परीने वाकवलेल्या इंग्रजीत बोलायचो. हे पत्र आधी इंग्रजीतच लिहून पाहिलं. ते ऑफिसच्या ईमेलसारखं व्हायला लागलं, झालेल्या गैरसोयीबद्दल दिलगीर आहोत वगैरे. म्हणून ते फाडलं आणि मराठीत लिहायला घेतलं.

तुम्ही माझ्याशी पहिल्यांदा बोललात ते दोन हजार सहाच्या हिवाळ्यात. मी एका बँकेच्या कॉम्प्युटर विभागात वर्क व्हिसावर आलेली. नवऱ्याचं काम मँचेस्टरला, तो शुक्रवारी यायचा आणि रविवारी सकाळीच परत ट्रेनमध्ये बसायचा. सात वर्षांची लेक क्लबात पोहायला शिकत होती आणि मी काठावरच्या बाकावर, पुलावरच्या त्या दमट उकाड्यातही अंगातला कोट न काढता बसलेली असायची. तुम्ही लाइफगार्डच्या पिवळ्या टी-शर्टमध्ये समोर येऊन उभ्या राहिलात आणि म्हणालात की मुलगी पाण्यात आणि आई कोटात, हे काही बरं दिसत नाही. मी हसून विषय टाळला. पुढच्या आठवड्यात तुम्ही मोठ्यांच्या वर्गाचा फॉर्म आणून माझ्या मांडीवर ठेवलात, पेनसकट. चौतीस वर्षांच्या आयुष्यात मी गुडघ्याच्या वर पाण्यात गेले नव्हते.

वर्गात तुमचे नियम दोनच. एक, ब्रेस्टस्ट्रोकमध्ये भिंत गाठताना दोन्ही हात एकाच वेळी लागले पाहिजेत. एक आधी आणि एक मागून लागला तर शर्यतीतून बाद. आमच्यापैकी कुणाला शर्यतीत उतरायचं नव्हतं, निम्म्यांना तर तरंगताही येत नव्हतं, पण तुम्ही ऐकून घेत नव्हतात. धापा टाकत भिंत गाठली की वरून आवाज यायचा, "बोथ हँड्स?" आणि उत्तर द्यायला कुणी जरा अडखळलं की त्याची परत पाठवणी. दुसरा नियम असा की काही चुकतंय असं वाटलं की हात वर करायचा. चौथ्या की पाचव्या रविवारी मी खोल बाजूला पाय टेकायला गेले आणि खाली जमीनच नव्हती. नाकातोंडात पाणी गेलं. ओरडणं तर सोडाच, मी हातसुद्धा वर केला नाही. शेजारच्या लेनमध्ये एक म्हातारे गृहस्थ शांतपणे पोहत होते, त्यांना उगाच कशाला त्रास, असलं काहीतरी डोक्यात होतं. तुम्ही कपड्यांनिशी उडी मारलीत. मला काठाला लावलंत, माझा खोकला थांबेपर्यंत वाट पाहिलीत, आणि मग हळू आवाजात बोललात.

"माझ्या पाण्यात सभ्यपणा चालत नाही. हात वर करायचा. लाज नंतर."

मला रडू आलं आणि तुमचा रागही आला. वडील गेल्यानंतर मला असं कुणी बोललं नव्हतं. म्हणूनच असेल, त्या दुपारी मी तुम्हाला जेवायला घरी घेऊन गेले.

आमचं स्वयंपाकघर एवढंसं, दोन खुर्च्या ठेवल्या की फ्रिज उघडत नसे. मी वरण-भात केला, तूप वाढलं, लिंबाचं लोणचं ठेवलं. तुम्ही पिशवीतून तुमचा काळा ब्रेड काढलात आणि तो वरणात बुडवून खाल्लात. मग दर रविवारी वर्ग सुटला की तुम्ही, मी आणि लेक एकाच बसने घरी यायचो. मी पोळ्या लाटायची आणि तुम्ही ओट्याला टेकून बोलायचात. तुमचं समुद्रकाठचं गाव, आठव्या वर्षी शाळेत आलेल्या एका माणसाने तुमचे गुडघे आणि तळपाय वळवून बघितले आणि पोहायला निवडलं ते. पुलाच्या भिंतीवर तेव्हा सोव्हिएत झेंडा होता. तुम्ही तेरा वर्षांच्या असताना तो गेला आणि तुमच्या देशाचा स्वतःचा झेंडा आला. पूल तोच, कोच तेच, पाणी तेवढंच गार. देश स्वतंत्र झाल्यावर कोच पहिल्या सकाळी काय म्हणाले, असं मी भारावून विचारलं, तर तुम्ही म्हणालात, नेहमीचंच, आठ वेळा चारशे मीटर. पुढे त्या झेंड्याखाली तुम्ही दोनदा मोठ्या स्पर्धांना गेलात, दोनशे मीटर ब्रेस्टस्ट्रोकसाठी. पहिल्या सोळांत आलात, आठांत कधीच नाही. मग गुडघा गेला, ऑपरेशन झालं, गावचा पूल बंद पडला. देश युरोपियन युनियनमध्ये आला तशी तुम्ही बॅग भरून इकडे आलात, कारण इथे लाइफगार्डची नोकरी होती आणि पहाटे साडेपाचला क्लबाबरोबर एक लेन मिळत होती. कुणाला बसचा रस्ता सांगावा तशा तुम्ही हे सांगायचात. मी एकदा विचारलं, कंटाळा नाही आला? आला, म्हणालात, पण अजून संपलेलं नाही.

ते संपणार की नाही, हे एका आकड्यावर ठरायचं होतं. तुमच्या देशाच्या संघात परत जागा मिळणार होती, पण वसंत सरायच्या आत दोनशे मीटर एका ठरावीक वेळेत पोहून दाखवायला हवं होतं. तो आकडा तुम्ही माझ्या फ्रिजवरच्या कागदावर, दूध, कांदे, कोथिंबीर या यादीखाली लिहून ठेवला होतात. जमलं तर लगेच घरी, संघाबरोबर सरावाला. नाही जमलं तर अठ्ठावीस वर्षांच्या बाईला दुसऱ्यांदा कुणी विचारणार नव्हतं. मी रोज सकाळी दूध काढताना तो आकडा वाचायची आणि मनापासून वाटायचं की तुम्हाला जमावं. आणि हेही खरं की त्या अख्ख्या शहरात माझ्या ओट्याला टेकून उभं राहणारं माणूस तुम्ही एकट्याच होतात.

वसंतात मँचेस्टरजवळ स्पर्धा होती. ज्यांची मुलं क्लबात पोहतात त्यांनी स्पर्धांना काहीतरी काम करायचं, असा आपला दंडक, म्हणून मी एका संध्याकाळचं प्रशिक्षण घेऊन टाइमकीपर झाले होते. पांढरा शर्ट घालून लेनच्या टोकाला उभं राहायचं. सुरुवातीचा दिवा चमकला की स्टॉपवॉच चालू करायचं, पोहणाऱ्याचा हात भिंतीला लागला की बंद. एरवी वेळ भिंतीवरचे इलेक्ट्रिक पॅडच घेतात, आमची घड्याळं नुसती सोबतीला. पण त्या दिवशी पाच नंबरच्या लेनचा पॅड सकाळपासून बंद होता, आणि तिथली वेळ आम्हा दोघा टाइमकीपरच्या घड्याळांवर ठरत होती, एक मी आणि दुसरे एक शाळामास्तर. दोघांच्या वेळेत फरक आला तर सरासरी. दुपारची यादी हातात आली तर पाच नंबरला तुमचं नाव.

तुम्ही शेवटच्या लांबीला आलात तेव्हा माझा अंगठा बटणावर तयार होता, मी काठावरून पार वाकलेले होते. तुमचा हात भिंतीला लागलेला मला दिसला. आणि मी बटण न दाबता आधी पाहिलं, दोन्ही हात लागले का. ते बघणं माझं काम नव्हतं. त्यासाठी वेगळा पंच उभा होता. टाइमकीपरने पहिला स्पर्श दिसला की दाबायचं, एवढंच. पण इतके रविवार तुम्ही तेच घोकून घेतलेलं. दोन्ही हात नीट लागलेले होते. ते बघून मी बटण दाबलं.

मास्तरांच्या घड्याळात तुम्ही हव्या त्या वेळेच्या आत होतात, दहा शतांश सेकंदांनी. माझ्या घड्याळात बाहेर, वीस शतांशांनी. आमचे मुख्य टाइमकीपर म्हणजे एक निवृत्त बस ड्रायव्हर, भला माणूस, क्लिपबोर्ड घेऊन आला. एवढा फरक बघून त्याने भुवया चढवल्या. आपलं चुकलं असं वाटलं तर हात वर करून सांगायचं, ती वेळ खोडतात आणि दुसऱ्याची धरतात, कुणी काही बोलत नाही, हे आम्हाला प्रशिक्षणात दोनदा सांगितलं होतं. तुम्ही अजून पाण्यातच होतात, दोरीवर कोपर टाकून, वर बघत.

"हॅपी विथ युवर वॉचेस, बोथ ऑफ यू?" त्याने विचारलं.

मास्तर येस म्हणाले. मी होकाराची मान हलवली. त्याने तिथेच सरासरी काढली, पाच शतांशांनी बाहेर.

परतीच्या बसमध्ये तुम्ही माझ्या शेजारी बसलात. केस ओले, लेक माझ्या मांडीवर झोपलेली. टॉवेलने केस पुसत होतात. मग म्हणालात, "तू होतीस ना माझ्या लेनवर?" मी हो म्हटलं. "मग बरोबरच असणार," म्हणालात, आणि काळ्या ब्रेडचा अर्धा तुकडा मोडून मला दिलात. तो मी रुमालात बांधून ठेवला.

उन्हाळ्यात तुम्ही तशाही गेलात, गावाजवळ नवा पूल झाला होता, तिथे मुलांना शिकवायला. निघताना तुमच्या पहिल्या कोचचं किल्लीचं स्टॉपवॉच माझ्या हातात ठेवलंत, मागे रशियन अक्षरं असलेलं. काळजीने काम करणाऱ्या माणसाकडे चांगलं घड्याळ असावं, असं म्हणालात. मी ते घेतलं. नको म्हणायला तोंड नव्हतं आणि का नको तेही सांगता येत नव्हतं. त्यानंतर तिसऱ्या हिवाळ्यात क्लबाच्या सगळ्या पालकांना दोन ओळींची ईमेल आली, तुम्ही आजारी होतात आणि गेलात. मी ती ऑफिसात वाचली आणि मीटिंगला जाऊन बसले. घड्याळ अजून ओट्याच्या ड्रॉवरमध्ये आहे, लाटण्याशेजारी. मधूनमधून मी किल्ली देते, कशासाठी ते माहीत नाही.

आता मुख्य टाइमकीपर मी आहे, मॅडम. क्लिपबोर्ड माझ्या हातात असतो. मागच्या रविवारी आमच्या स्पर्धेत एक नवीन आई आली होती, पुण्याची, पहिल्यांदाच घड्याळ हातात घेतलेलं. दुसऱ्याच शर्यतीनंतर तिने हात वर केला. "ताई, सॉरी हं, मी लेट दाबलं. माझा टाइम धरू नका." मी तिची वेळ खोडली, नो प्रॉब्लेम म्हटलं, आणि पुढची शर्यत लागली. सगळं मिळून पाच सेकंदांचं काम. ती पोरगी पुढच्या क्षणी विसरून गेली. मी संध्याकाळी कार पार्कमध्ये गाडीत बसून रडले, आणि घरी येऊन हे लिहायला घेतलं.

आज लेक आली आहे. सव्वीस वर्षांची झाली. तिला मराठी बोलता येतं, वाचता येत नाही. मघाशी टेबलाशी येऊन म्हणाली, "आई, तू हा पत्र कोणाला लिहिते?" पोहण्याच्या मॅडमना, म्हटलं. तिला तुमचा पिवळा टी-शर्ट आठवतो, वरणात बुडवलेला ब्रेड आठवतो. "पण त्या तर गेल्या ना? मग पोस्ट कुठे करणार?" करणार नाही, असं मी सांगितलं. ती चहा ठेवायला गेली.

घड्याळ उशिरा दाबलं ती चूक होती, आणि कशी झाली ते कळलं असतं तर तुम्ही कदाचित हसला असतात. मान हलवली ती मात्र लाजेने, असं मी इतकी वर्षं स्वतःला सांगत आले. लाज होतीच. पण त्याने विचारलं तेव्हा मी खाली तुमच्याकडे पाहिलं, आणि मनात एवढंच आलं की नाही जमलं तर येत्या रविवारी तुम्ही जेवायला याल. तुम्ही आलात. फ्रिजवरचा तो कागद काढलात, नीट चार घड्या घातल्यात आणि खिशात ठेवलात. मी पोळ्या लाटत होते. तुम्ही नेहमीसारख्या ओट्याला टेकून उभ्या राहिलात, आणि मला बरं वाटलं.