फक्त दवंडी बाकी होती

प्रिय लिसिल्ला,

वसंतातलं पहिलं गलबत काल बंदराला लागलं आणि तुझी पुरचुंडी माझ्या हाती आली. खलाशी इमानी निघाला, तू मारलेली गाठ तशीच होती. कर्णफुलं मिळाली. त्यांच्याबद्दल शेवटी लिहितो. आधी एक ऐक. माझी पत्रं तू माझ्या मानियाला अंगणात बसवून मोठ्यानं वाचून दाखवतेस, पीठ मळता मळता ती थांबते आणि "ते पुन्हा वाच" म्हणते, असं तूच मला कळवलं होतंस. हे पत्र तसं वाचू नकोस. तिला पाण्याला पाठव, दार लावून घे आणि एकटी वाच.

हिवाळ्याआधीचं माझं पत्र घाईचं होतं. शेवटचं गलबत सुटत होतं, पुढे समुद्र बंद. त्यात एवढंच लिहू शकलो की घर, द्राक्षमळा, जैतुनाची झाडं, आम्ही गुलाम माणसं, सगळं ल्यूकोनचं झालं. तुझे आईवडील त्याच्या बंदराजवळच्या दोन खोल्यांत राहायला गेले. आणि माझ्या पोराला, अत्तासला, त्यानं लावरिओनला, चांदीच्या खाणीवर पाठवलं. तू विचारतेस, असं झालंच कसं आणि बाबांनी होऊ कसं दिलं. सांगतो. त्यांच्याबद्दल चार शब्द वाकडे येतील. माझा जन्म त्यांच्या उंबऱ्यावर गेला, तेव्हा एवढा हक्क मला असू दे.

उन्हाळा सरता सरता नगराच्या कारभाऱ्यानं तुझ्या वडिलांचं नाव पुकारलं. दिओनिसोस देवाच्या वसंतोत्सवात एका शोकनाटकाच्या वृंदाचा सगळा खर्च त्यांनी उचलायचा: गाणाऱ्या-नाचणाऱ्यांचं खाणंपिणं, त्यांचा गुरू, मुखवटे, वस्त्रं, सगळं. मान मोठा. जिंकलं तर दगडावर नाव कोरलं जातं. तुझे वडील फानियास त्या दिवशी घरी आले ते जमिनीपासून वीतभर वर चालत होते. तुला ठाऊकच आहे, बडा घर पोकळ वासा. तेलाचे दोन हंगाम बुडाले होते आणि तुझा हुंडाही त्याच काळात दिलेला. पण त्या संध्याकाळी त्यांनी मला बोलावलं, स्वतःच्या हातानं द्राक्षमद्य ओतून दिलं आणि म्हणाले, "सगारिस, आता अत्तासचंही नाव या नाट्यगृहात घुमणार बघ."

ही गोष्ट तुला अर्धी ठाऊक आहे. तुझ्या भावाला शाळेत नेणं-आणणं हे माझं काम. तुला अक्षरं शिकवणं हे माझ्या कामात नव्हतं. अंजिराच्या झाडाखाली मेणाच्या पाटीवर तू आणि अत्तास एकाच वेळी गिरवत होतात. तुझं अक्षर सरळ, त्याचं खेकड्यासारखं तिरपं. तू सासरी लेम्नोसला निघालीस तेव्हा हुंड्यात भांडी आणि चादरी मोजल्या, तशी त्याची आईही मोजली गेली. मानिया तुझ्याबरोबर गेली याचा मी तुला कधी दोष दिला नाही, आजही देत नाही. तुझ्यासारख्या पोरीच्या घरात ती आहे, हे माझं भाग्यच. पण त्या दिवसापासून अत्तासनं आणि मी एकच ध्यास घेतला. तो कासाराच्या भट्टीवर मजुरीला जायचा, मजुरीतला मालकाचा हिस्सा द्यायचा, उरलेलं मातीच्या गाडग्यात टाकायचा. मी बंदरावर खलाशांची पत्रं लिहून द्यायचो, तेही त्याच गाडग्यात. आधी तो मोकळा होणार, मग लेम्नोसला येऊन आईला सोडवणार. तुझ्या नवऱ्याशी भाव कसा करायचा, याची तो भट्टीवर तालीम करायचा म्हणे, आणि कासार हसायचे.

तर त्या उन्हाळ्यात गाडगं भरलं. ठरलेली किंमत मी तुझ्या वडिलांच्या हातात दिली. त्यांनी ते गाडगं कोठारात ठेवलं आणि अत्तासच्या पाठीवर थाप मारून म्हणाले, "आजपासून तू मोकळाच समज. फक्त दवंडी बाकी." मी म्हटलं, मालक, दवंडी कशाला, चार शेजारी बोलावून चुलीपाशी शब्द उच्चारला की झालं. तर म्हणाले, "चार शेजारी? अरे वेड्या, मी सगळं नगर साक्षीला देतो. नाटकाआधी दवंडीवाला भर नाट्यगृहात ओरडेल, फानियास आपल्या अत्तासला मुक्त करतो. सोन्याचे मुकुट वाटतात, लढाईत पडलेल्यांच्या पोरांना चिलखतं देतात, त्याच जागी." हल्ली सगळेच करतात हे. फुकटात उदारपणा मिरवता येतो, आणि किंमत तर पोरानं आधीच चुकती केलेली. अत्तास मला म्हणाला, "बा, वसंत काय लांब आहे? ऐकू दे की सगळ्यांना." त्याचेही डोळे चमकत होते. तरणं पोर, त्याला काय म्हणायचं.

मग हिशेब पुढे आला. वृंदाचा गुरू रोज नवी मागणी घेऊन यायचा. गाणाऱ्यांच्या गळ्याला मासे हवेत, अंडी हवीत, तालमीच्या जागेला छप्पर हवं. तुझे वडील हबकले. आणि तेव्हा कुणीतरी त्यांच्या कानात ल्यूकोनचं नाव घातलं.

ल्यूकोन तुला आठवत असेल. विटलेला अंगरखा, बाजार उठताना स्वस्तात खारवलेले मासे मागणारा. सगळं नगर म्हणायचं की त्यानं चांदी पुरून ठेवली आहे. आमच्याकडचा कायदा तू जाणतेस: माझ्यापेक्षा हा श्रीमंत आहे असं ज्याला वाटतं त्यानं त्याला आव्हान द्यावं, हा खर्च तू उचल, नाहीतर आपली सगळी मालमत्ता अदलाबदल कर. पण अदलाबदल कोण करतो? लोक कुरकुरतात, शिव्या देतात आणि शेवटी खर्च उचलतात. तुझ्या वडिलांनी तोच अंदाज बांधला. भर चौकात ल्यूकोनला आव्हान दिलं. ल्यूकोननं कान खाजवला आणि म्हणाला, "बरं, करू अदलाबदल."

हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. परत फिरायला तोंड उरलं नव्हतं. दोघांनी एकमेकांच्या कोठारांना मोहोर लावली, देवाची शपथ घेऊन आपापल्या मालमत्तेच्या याद्या दिल्या. ल्यूकोनच्या यादीत काय होतं? दोन खोल्या, एक खेचर, काही रांजण. चांदी? ती पुरलेली नव्हतीच. ती लावरिओनच्या खाणीतल्या हिश्शात गुंतवलेली होती, आणि खाणीतला हिस्सा अदलाबदलीत धरत नाहीत. कायद्यात तसं स्पष्ट आहे. खाणी नगराच्या, तिथे पैसा लावणाऱ्याला नगरानं दिलेली ही सवलत. ज्यानं कधी खाणीकडे पाहिलं नाही, त्याच्या ते लक्षात राहिलं नाही. अदलाबदल झाली आणि वृंदाचा खर्च मात्र आव्हान देणाऱ्याच्याच, म्हणजे तुझ्या वडिलांच्याच गळ्यात राहिला; तो त्यांनी कर्ज काढून भागवला.

मोहोर फोडली त्या सकाळी मी कोठाराच्या दारात उभा होतो. ल्यूकोनच्या माणसानं गाडगं उचललं. मी पुढे होऊन म्हटलं, हे आमचं आहे, माझ्या पोराची किंमत. त्यानं विचारलं, "कुणाच्या हातात दिली होतीस?" मी म्हटलं, मालकाच्या. "मग मालकाची. आणि पोराला मोकळं केलं? साक्षीदार कोण?" मी तुझ्या वडिलांकडे पाहिलं. लिसिल्ला, त्यांनी खाली पाहिलं. एक शब्द त्यांनी उच्चारला असता, की या पोराला मी उन्हाळ्यातच सोडलं आहे, तर कदाचित भांडता आलं असतं. पण यादीत त्यांनी शपथेवर 'अत्तास, तरुण, धडधाकट' असं लिहून दिलं होतं. खोट्या शपथेची त्यांना भीती वाटली. माणसाचा शब्द मोडायची नाही वाटली.

ल्यूकोन राक्षस नाही. हिशेबी आहे. मला म्हाताऱ्याला आपल्या दाराशी बसवलं, तरण्याला खाणीवर पाठवलं. बैल वाटावेत तसं. अत्तास जाताना म्हणाला, "आईला लिही, की थोडा उशीर होईल." तेच मी तुला लिहिलं होतं.

मग उत्सव आला. त्याच्या आदल्या दिवशी तुझे वडील दाराशी आले. माझ्या हातात दोन नाणी ठेवली, दोन ओबोल, नाट्यगृहातल्या जागेचे, आणि म्हणाले, "ये मात्र. मी दवंडीवाल्याकडे अत्तासचं नाव दिलं आहे." मला वाटलं, त्यांनी काही तोड काढली, ल्यूकोनशी बोलले. रात्रभर डोळा लागला नाही. सकाळी पैसे खर्चावेसे वाटेनात, अत्ताससाठीच ठेवावेत म्हणून मी वर टेकडीवर, झाडाखाली फुकट्यांच्या गर्दीत उभा राहिलो. खाली मित्रनगरांनी खंडणी म्हणून भरलेली चांदी रंगस्थळी मांडली, पोरक्या पोरांना चिलखतं दिली, आणि मग दवंडीवाला ओरडला, "फानियास आपल्या अत्तासला मुक्त करतो." सबंध टेकडी टाळ्यांनी भरली. तुझे वडील उभे राहून हात हलवत होते. तोड वगैरे काही नव्हती. त्यांना फक्त ते दृश्य चुकवायचं नव्हतं.

आणि नाटक कशाचं होतं, सांगू? पाडाव झालेल्या नगरातल्या बायांचं. विजेते त्यांना चिठ्ठ्या टाकून वाटून घेतात, आईला एका जहाजावर, लेकराला दुसऱ्या. मुखवटे घातलेले आपले नागरिक त्या बायांचा आक्रोश करत होते आणि हजारो माणसं हुंदके देऊन रडत होती. त्यांच्या बसायच्या गाद्या घेऊन त्यांचे गुलाम पायाशी बसले होते. ते रडत नव्हते. तुझ्या वडिलांचं नाटक तिघांत तिसरं आलं.

संध्याकाळी ल्यूकोन दारातून आत येताना हसला. "काय रे म्हाताऱ्या, तुझ्या जुन्या मालकानं माझा बैल दान केला म्हणे." मी दार लावून घेतलं. पण मला वाटलं, खोटी का असेना, ती टाळी पोराच्या कानावर घालावी. खाणीवर जव आणि कांदे घेऊन गाढवं जाणार होती, त्यांच्याबरोबर जायची परवानगी मागितली. ल्यूकोननं दिली. तिळाच्या वड्या घेतल्या, अत्तासला आवडतात तशा, मधात कडक केलेल्या.

खाणीवरच्या मुकादमाला नाव सांगितलं तर त्याला ओळख पटेना. "फ्रिगियाचा का? तिरपा चालायचा तो?" मी म्हटलं, आम्ही मूळचे फ्रिगियाचेच, पण माझा पोर सरळ चालतो. तो म्हणाला, "इथं सगळे तिरपेच चालतात, बाबा, वाकून वाकून. तो गेला. उत्सवाआधीच. छत बसलं." मालकाला कळवलं नाही का, असं विचारलं तर म्हणाला, महिन्याअखेरच्या हिशेबात येईलच की.

म्हणजे दवंडी झाली तेव्हा अत्तास मातीत होता. सबंध नगरानं टाळ्या वाजवून एका मेलेल्या माणसाला मोकळं केलं. धुतलेल्या दगडांच्या ढिगाऱ्यापलीकडे त्यांनी मला एक उंचवटा दाखवला. डोकं कुठल्या बाजूला आहे, ते कुणालाच सांगता येईना. पैलतीरी नेणाऱ्या नावाड्याचं नाणं मेलेल्याच्या तोंडात ठेवायचं असतं, ते कुणी ठेवलं असणं शक्यच नव्हतं. तेव्हा मी ते दोन ओबोल काढले आणि हातानं उकरून एक या टोकाला पुरला, एक त्या टोकाला. वड्या वर ठेवल्या. दुसरं काही माझ्याजवळ नव्हतं.

आता तुझी कर्णफुलं. अत्तासला ल्यूकोनकडून सोडवायला म्हणून तू आणि मानियानं ती पाठवलीत. याच खलाशाबरोबर ती परत पाठवतो आहे, ती मला आता नकोत. पण पोरी, तुझ्या पत्रात एक ओळ होती, तिच्यासाठी मी हे सगळं लिहायला बसलो. तू लिहिलंस, की तुझा नवरा मानियाला सोडायला तयार झाला आहे, पुढच्या वसंतात, तुमच्या बेटावरच्या उत्सवात, नवं वस्त्र नेसवून, दवंडी पिटून. नको. ही कर्णफुलं नवऱ्यासमोर ठेव, शेजारची चार माणसं बोलाव, आणि मानिया पाण्याहून परत येईल तेव्हा घागर उतरवायच्या आधी तिला मोकळी कर. मग तिला अत्तासचं सांग. याच क्रमानं सांग. मोकळ्या बाईला पोरासाठी मन भरेपर्यंत रडता येतं, मधेच कुणी चुलीकडे बघ म्हणत नाही.

तुला अक्षरं शिकवणारा, तुझाच,
सगारिस