स्वखुशीने माघार

अब्बा, आज सोसायटीच्या निवडणुकीतून माघार घ्यायचा शेवटचा दिवस आहे. संध्याकाळी पाचपर्यंत खाली ऑफिसात अर्ज द्यायचा. अर्ज लिहून झालाय, फक्त सही राहिलीय, आणि मी सही करायची सोडून तुम्हाला पत्र लिहीत बसले आहे. तेही मराठीत. तुम्ही मराठी बोलायचात झकास, कासारवाडीच्या जुन्या घरांतली माणसं बोलतात तसं, पण वाचता येत नव्हतं. आज असतात तर हे पत्रही मलाच वाचून दाखवावं लागलं असतं, आणि वाचताना मी त्यातलं काय काय गाळलं असतं तेही मला ठाऊक आहे. मघापासून दोनदा उठून खिडकीतून ऑफिसकडे बघून आले. चहा केला तो ओट्यावरच गार झाला.

तुम्ही गेलात तेव्हा मी नुकतीच कॉलेजात नोकरीला लागले होते. अजून तिथेच आहे. लोकशाहीचे सिद्धान्त हा माझा हातखंडा विषय, झोपेतून उठवून विचारलं तरी तासभर बोलेन. काही जण म्हणतात, लोकशाही म्हणजे चढाओढ: दोन-तीन गट मतं मागतात, लोक एकाला निवडतात आणि पटलं नाही तर पुढच्या वेळी त्याला घरी पाठवतात, यापलीकडे फार अपेक्षा ठेवू नये. दुसरे म्हणतात, मोजणी हा शेवटचा भाग. त्याआधी सगळ्यांना बोलता आलं पाहिजे आणि ऐकणाऱ्याचं मत बदलायची थोडी तरी शक्यता पाहिजे. मी दोन्ही बाजू अशा मांडते की मुलं मान डोलावतात. आणि राहते मोशीतल्या अशा सोसायटीत, जिथे नऊ वर्षांत एकदाही मतदान झालेलं नाही. आमच्याकडे सगळं बिनविरोध असतं. लोका सांगे ब्रह्मज्ञान, दुसरं काय.

उमेदवारी अर्ज मी का भरला ते सांगते. आमच्या इमारतींत भाड्याने राहणारी निम्मी घरं चाकणच्या कंपन्यांत कामाला जाणाऱ्यांची. दुसरी शिफ्ट करून माणूस घरी येतो तेव्हा पंप बंद झालेला असतो, अंगावरचं ऑइल धुवायला बादलीभर पाणी नसतं. मागच्या सर्वसाधारण सभेत अशाच एका घरातली बाई हे सांगायला उभी राहिली. तिला सांगण्यात आलं की ताई, तुम्ही भाडेकरू, सभासद नाही, बसा. नियमाने ते बरोबरच होतं. मी म्हटलं, मत नसेल पण तोंड आहे ना, बोलू द्या तिला. अध्यक्ष म्हणाले, हा मुद्दा विषयपत्रिकेत नाही. ती बाई बसली आणि पुढची वीस मिनिटं दिवाळीच्या रोषणाईवर चर्चा झाली. त्या रागात मी अर्ज भरला. राग उतरला तेव्हा अर्ज छाननीत मंजूर झाला होता.

परवा कमिटीतले तिघं जण घरी आले. अध्यक्ष सज्जन माणूस आहे, हे मला मुद्दाम लिहायचंय. माझ्या नवऱ्याच्या छातीत दुखायला लागलं तेव्हा यांनीच स्वतःच्या गाडीतून आम्हाला हॉस्पिटलात नेलं आणि रिपोर्ट येईपर्यंत बाकावर बसून राहिले. सोफ्यावर टेकून ते म्हणाले, मॅडम, आपण सगळे एक कुटुंब आहोत, कुटुंबात कोणी मतदान घेतं का? महिला प्रतिनिधी म्हणून तुमचं नाव आम्ही घालतोच, अध्यक्षपदाचा अर्ज तेवढा मागे घ्या. पुढच्या खेपेला तुम्हीच. मी पाण्याच्या वेळांचं विचारलं, तर म्हणाले, बघू की, सामोपचाराने बघू. जाताना दारात थांबून ते हळूच बोलले, "निवडणूक झाली की गट पडतात, मॅडम. आणि गट कशावरून पडतील ते आपल्या हातात राहत नाही. तुम्ही समजदार आहात." आमच्या तिन्ही इमारतींत दारावरच्या पाटीकडे लोक दुसऱ्यांदा बघतात अशी दोनच घरं आहेत, त्यातलं एक माझं. ही धमकी होती असं मी म्हणणार नाही. त्यांना खरोखर काळजी वाटत होती, आणि मी त्यांना लिफ्टपर्यंत सोडून आले. नवऱ्याने कप उचलता उचलता एवढंच विचारलं की हे घर मिळायला दीड वर्ष लागलं होतं ते विसरलीस का, पाण्यात राहून माशाशी वैर कशाला.

तेव्हापासून तुमच्या गॅरेजमागची आपली राहती खोली डोळ्यांसमोरून हलत नाही. मी अकरावीत आहे. पालिकेच्या अतिक्रमणविरोधी पथकाने रस्त्याच्या कडेला उभ्या केलेल्या स्कूटरी, जॅक, टायर असं सगळं उचलून नेलंय, पण फक्त गॅरेजवाल्यांचं. मोठ्या दुकानांच्या पायऱ्या फुटपाथवर आल्यात त्यांना कोणी हात लावलेला नाही. व्यापारी संघाने मिठाची गुळणी धरली आहे. पहिल्या शिफ्टला जाणारे कामगार विश्वासाने तुमच्याकडे गाडी टाकून जायचे आणि दुपारी त्यांना सांगावं लागलं की गाडी पालिकेच्या आवारात आहे. त्या आठवड्यात तुम्ही संघाच्या अध्यक्षपदाचा अर्ज भरलात. तो मीच लिहिला, तुम्ही खाली उर्दूत सही केलीत. मग शेठ आले, ते हार्डवेअरवाले, संघाचे तेव्हाचे अध्यक्ष, बरोबर चौघं. अम्मीने चहा केला. शेठ म्हणाले, भाई, आपल्या रोडवर कधी मतदान झालंय का, लोक हसतील; पुढच्या खेपेला तुमचंच नाव. दुसऱ्या दिवशी मी तुमच्या वतीने दुसरा अर्ज लिहिला: 'मी माझी उमेदवारी स्वखुशीने मागे घेत आहे.' संघाच्या सभेत तुम्हाला शाल आणि नारळ मिळाला. माघार घेतल्याबद्दल सत्कार करणारे लोक जगात आणखी कुठे असतील तर मला माहीत नाही. अम्मीने त्या नारळाची चटणी वाटली आणि तुम्ही ती दोनदा मागून घेतलीत.

पुढे मी बी.ए.ला राज्यशास्त्र घेतलं आणि मला शिंगं फुटली. विरोधी पक्षाचं महत्त्व, असहमतीचा हक्क, सगळं नवं नवं वाचलेलं. एका दुपारी तुम्ही क्लचची केबल बदलत होता आणि मी स्टुलावर बसून तुम्हाला ऐकवलं की बिनविरोध म्हणजे एकमत नव्हे, ती दडपलेली निवडणूक असते, आणि तुम्ही तेव्हा घाबरलात म्हणून आजही पथक आपल्याच गाड्या उचलतं. एक गिऱ्हाईक समोर उभं होतं. तुम्ही केबल बसवलीत, दोनदा दाबून बघितलीत, गाडी देऊन टाकलीत. मग हात पुसत म्हणालात, "तुझ्या पुस्तकातला माणूस मत देऊन घरी जातो. मला उद्या सकाळी त्याच रस्त्यावर शटर उघडायचंय." आवाज चढला नव्हता. पण त्यानंतर आठवडाभर तुम्ही माझ्याशी फक्त कामापुरतं बोललात, आणि मी समजले की खरं बोललं की माणसाला झोंबतं.

अब्बा, पंचवीस वर्षं मी वर्गात तुमची गोष्ट सांगत आले. नाव न घेता. 'एक मेकॅनिक होते' अशी सुरुवात. सत्ता फक्त मतदानात जिंकत नाही, मतदान होऊच न देण्यातही जिंकते, हे समजवायला याहून चांगलं उदाहरण मला मिळालं नाही. मुलं चिडायची, शेठला नावं ठेवायची, कोणी मेकॅनिकला भित्रा म्हणायचं आणि मी म्हणायचे, असं नाही, त्यांची परिस्थिती समजून घ्या. मोठं मन असल्याचा आव आणायला बरं वाटायचं.

मागच्या सोमवारी हीच गोष्ट सांगितली तर मागच्या बाकावरची एक मुलगी उठली. कुरुळीची आहे, गावातल्या जुन्या घरातली, फारशी कधी बोलत नाही. तिने विचारलं, "मॅडम, त्या मेकॅनिकच्या घरातली मान्सं काय म्हनली?" मी म्हटलं, ते महत्त्वाचं नाही, दबाव बाहेरून होता. ती ऐकेना. तिच्या चुलतीने ग्रामपंचायतीला फॉर्म भरला होता. गावातले लोक आले, चहा पिऊन गेले, तोवर चुलती ठाम होती. मग आजीने विचारलं की उद्या आपल्या दारी हळदीकुंकवाला कोण येणार? "झालं, मॅडम," ती म्हणाली. "आमच्यात माघार घरातच ठरती. बाहेर नुसती जाहीर होती." वर्ग हसला. मी घड्याळाकडे बघून पुढचा मुद्दा घेतला, आणि तो काय होता ते मला अजून आठवत नाहीये.

कारण घरातलं माणूस काय म्हणालं ते मला माहीत आहे. शेठ गेले त्या संध्याकाळी तुम्ही स्टोव्हजवळ पाटावर बसला होता. अम्मी शेजारी गेली होती. तुम्ही म्हणालात, मी काही ऐकणार नाही त्यांचं, होऊ दे मतदान, हरलो तर हरलो, सगळ्यांसमोर एकदा तोंडावर बोलता तरी येईल. मग माझ्याकडे बघून विचारलंत, "तुला काय वाटतं?" अकरावीतल्या पोरीला तुम्ही मनापासून विचारलंत. घरात तुम्ही कधी कुणावर काही लादलं नाही, हे मी कुठल्याच तासाला सांगितलेलं नाही. शेठची मुलगी माझ्या वर्गात होती. रोज संध्याकाळी मी तिच्याकडे अभ्यासाला जायचे, त्यांच्याकडे टेबल होतं, पंखा होता, तिची आई दोघींना एकाच ताटात खायला द्यायची. ते सगळं बंद होणार एवढंच मला दिसलं. मी म्हटलं, "घ्या माघार, अब्बा. कशाला उगाच." तुम्ही उठून पाट भिंतीला लावलात, आणि म्हणालात, बरं, लिही मग. आणि सकाळी मी लिहिलं. स्वखुशीने हा शब्द तुम्ही सांगितला नव्हता. तो मी घातला, अर्ज चांगला दिसावा म्हणून.

गॅरेजमध्ये मी तुम्हाला भित्रा म्हटलं त्या दुपारी तुम्ही मला एका वाक्यात गप्प करू शकला असतात. तूच तर सांगितलंस, एवढं म्हटलं असतंत तरी पुरे होतं. ते न म्हणता तुम्ही शटरचं काहीतरी सांगितलंत आणि सगळं स्वतःवर घेतलंत. मला त्याचा राग येतो. तेव्हा बोलला असतात तर मी इतकी वर्षं हे ओझं घेऊन वर्गात मिरवले नसते.

काल माझ्या मुलीने विचारलं, अम्मी, तू काय ठरवलंस? बारावीत आहे. खाली तिच्या मैत्रिणी आहेत, दांडियाची तालीम चालू आहे, अध्यक्षांची नात तिच्याच गटात आहे. तुला काय वाटतं, हा प्रश्न माझ्या जिभेवर आला होता. मी तो गिळला आणि तिला जेवायला वाढलं. तुम्ही विचारलंत ते चूक नव्हतं, पण मला तिच्यावर ते टाकायचं नाही.

पाच वाजून दहा मिनिटं झाली आहेत. अर्ज सहीविना टेबलावरच आहे. म्हणजे आता मतदान होणार आणि मी पडणार, कारण ज्यांच्यासाठी उभी राहिले त्यांच्यातल्या एकालाही मत नाही. अध्यक्ष उद्या लिफ्टमध्ये भेटतील तेव्हा काय बोलायचं ते मला माहीत नाही. सोमवारी ती कुरुळीची मुलगी परत मागच्या बाकावर बसेल, आणि मेकॅनिकच्या घरात माघार घ्या म्हणणारी मीच होते, हे तिला सांगायची माझी अजून हिंमत नाही. निवडणुकीला उभं राहणं त्यापेक्षा सोपं निघालं. म्हणून आधी तुम्हाला सांगितलं, अब्बा, जिथून कोणी उलट विचारणार नाही.